तुमचं पत्र, नानांचं उत्तर : खिळे, शाई आणि शुभवर्तमान

मागच्या अंकात मी जळगावच्या एका जुन्या, पायानं चालवायच्या ट्रेडल प्रेसबद्दल चार ओळी लिहिल्या होत्या, तिथं मी अकरा वर्षं खिळे, म्हणजे छपाईची धातूची सुटी अक्षरं, जुळवले, लग्नपत्रिकांपासून सोसायटीच्या अहवालापर्यंत सगळं छापलं. त्यात जाता जाता एक वाक्य टाकलं होतं की युरोपात धातूच्या सुट्या खिळ्यांनी छापलेलं पहिलं मोठं पुस्तक म्हणजे बायबल. त्या एका वाक्यावर इतकी पत्रं आणि व्हॉट्सॲप मेसेज आले की या वेळचं सगळं सदर त्यालाच द्यायचं ठरवलं. शेतीची आणि पेन्शनची पत्रं पुढच्या महिन्यात, राग मानू नका.

नाना, मी एमपीएससी करतेय. आमच्या नोट्समध्ये सरळ लिहिलंय की छपाईमुळे ख्रिस्ती धर्माचा प्रसार झाला. म्हणजे छापखाना नसता तर तो पसरलाच नसता का?
— एक विद्यार्थिनी, शिरपूर

बेटा, तुझ्या नोट्समधलं वाक्य अर्धं आहे. छापखाना आला तेव्हा ख्रिस्ती धर्म चौदाशे वर्षांचा झाला होता, जवळजवळ सगळा युरोप ख्रिस्ती होता, आणि आपल्या केरळात तर कुठलाही छापखाना यायच्या कितीतरी शतकं आधीपासून ख्रिस्ती लोक राहत होते. तोवर तो पसरला तो तोंडी, व्यापाऱ्यांबरोबर, साधूंबरोबर, आणि पुष्कळ ठिकाणी राजानं धर्म बदलला म्हणून प्रजेनंही बदलला. पण या लोकांना पुस्तकाची ओढ पहिल्यापासून होती हे मात्र खरं. त्या काळी सगळे ग्रंथ गुंडाळीवर लिहायचे, आपल्या जन्मपत्रिकेसारखं उलगडत जायचं, आणि यांनी फार लवकर पानं दुमडून शिवलेली वही धरली, दोन्ही बाजूंनी लिहिता येते, प्रवासात झोळीत मावते आणि पाहिजे ते पान पटकन काढता येतं. आपण आज ज्याला पुस्तक म्हणतो तो आकार रूढ व्हायला त्यांचा मोठा हातभार लागलाय.

अडचण होती ती नकलांची. चामड्याच्या पानांवर अख्खं बायबल हातानं उतरवायचं तर एका लेखकाचं वर्ष सहज जायचं, त्यामुळे ते मठात आणि मोठ्या चर्चमध्येच असायचं. मग जर्मनीतल्या माइन्झ गावी गुटेनबर्गनं १४५५ च्या सुमाराला ते छापलं, पानावर ४२ ओळी, एकूण जवळपास १३०० पानं, आणि प्रती साधारण १८०. मी खिळे जुळवलेत म्हणून सांगतो, उलट्या आरशातल्या अक्षरांनी एवढी पानं जुळवायची, छापायची, खिळे सोडवून परत खणात टाकायचे आणि पुढची पानं घ्यायची, हे नुसतं डोळ्यापुढं आणलं तरी माझी बोटं दुखायला लागतात.

पण हे ऐक, ते बायबल लॅटिनमध्ये होतं. शेतकऱ्याला, विणकराला त्यातलं एक अक्षर कळत नव्हतं. आणि त्याच सुमाराला त्याच यंत्रावर पापक्षमेची छापील पत्रंही निघत होती, नाव लिहायला मोकळी जागा ठेवलेली, पैसे द्या आणि नाव घाला. साठेक वर्षांनी, १५१७ मध्ये, मार्टिन लूथर हा जर्मन पाद्री उभा राहिला तो याच क्षमापत्रांच्या विक्रीविरुद्ध, आणि त्याचं म्हणणं गावोगाव गेलं तेही छापील कागदावरूनच. पुढं १५२२ च्या सप्टेंबरात त्यानं नवा करार, म्हणजे बायबलचा येशूपासूनचा दुसरा भाग, जर्मन बोलीत आणला, तीनेक हजार प्रती काढल्या आणि डिसेंबरात दुसरी आवृत्ती काढावी लागली. इंग्लंडात विल्यम टिंडलनं १५२६ ला इंग्रजी नवा करार छापला तो जर्मनीत बसून, कारण घरी परवानगी नव्हती, त्या प्रती कापडाच्या गठ्ठ्यांत लपवून नेल्या, तिकडं सापडतील तेवढ्या जाळल्या आणि १५३६ ला टिंडललाही मारलं.

म्हणून परीक्षेत लिहायचं तर असं लिही की छपाईनं धर्मग्रंथ स्वस्त केला, पण तो घरात शिरला तो घरची भाषा बोलायला लागला तेव्हा. मला या सगळ्या विषयात हीच गोष्ट सगळ्यात मोलाची वाटते आणि पुढच्या उत्तरांतही ती परत परत येईल.

आमच्या रिटायर्ड लोकांच्या कट्ट्यावर वाद लागलाय. मराठीतलं पहिलं छापील ख्रिस्ती पुस्तक कुठलं? एक जण म्हणतो गोव्याचं, दुसरा म्हणतो बंगालचं, तिसरा मुंबईचं. चहाची पैज आहे.
— रेल्वेतून निवृत्त झालेले एक वाचक, भुसावळ

साहेब, चहा गोवावाल्यांना पाजा, पण बाकी दोघांनाही बिस्किटं द्या कारण तेही अगदीच चुकलेले नाहीत.

भारतात छापखाना आला तोच मुळी योगायोगानं. लिस्बनहून १५५६ मध्ये जेझुइट या ख्रिस्ती संघाचे पाद्री निघाले होते अबिसीनियाला, म्हणजे आजच्या इथिओपियाला, सोबत छापखाना होता, वाटेत गोव्याला थांबले, तिकडं जायचं जमेना आणि यंत्र गोव्यातच राहिलं. त्याच वर्षी तिथं छपाई सुरू झाली. भारतीय भाषेत आधी छापलं गेलं ते तमिळ, १५७८ ला कोल्लमला हेन्रिक हेन्रिक्सचं छोटं पुस्तक निघालं, तेही तमिळ लिपीत. आपल्या मराठीची पाळी आली १६१६ ला. थॉमस स्टीफन्स नावाचा इंग्रज जेझुइट १५७९ ला गोव्याला आला होता, चाळीस वर्षं इथंच राहिला आणि इथंच वारला, त्यानं लिहिलेलं 'क्रिस्तपुराण' १६१६ ला गोव्यातल्या रायतूरला छापलं गेलं. जवळजवळ अकरा हजार ओव्या! मी माळकरी घरातला माणूस, आमच्याकडं लहानपणापासून ज्ञानेश्वरी कानावर, तर पहिल्यांदा त्या ओव्या वाचल्या तेव्हा मला खरोखर वाटलं की हा माणूस आपल्या पारावर बसून पोथी ऐकून गेलाय. मराठीची थोरवी सांगणारी त्याची ओवी, हरळांमधल्या रत्नकिळेची, शाळेत तुम्ही नक्की ऐकली असेल.

त्यानं पुराण का लिहिलं हेही बघा. गोव्यातल्या नव्यानं ख्रिस्ती झालेल्या लोकांची जुनी पुराणं सुटली होती आणि त्या जागी ऐकायला काही नव्हतं, संध्याकाळी दिवा लावून ऐकायची सवय कुठं जाणार? मग त्यांना त्यांच्याच ओवीत, त्यांच्याच वळणानं गोष्ट पाहिजे होती. पण छापताना गाडी अडली. देवनागरी खिळे नव्हते. काना मात्रा वेलांटी, वर जोडाक्षरं, इंग्रजीला सव्वीस अक्षरांत भागतं तिथं आपल्याला शेकडो साचे लागतात. देशी अक्षरांचे साचे करायला परवानगी द्या म्हणून त्यानं १६०८ ला युरोपात पत्र लिहिलं होतं, ते काही झालं नाही, आणि मराठी ओव्या रोमन लिपीत छापल्या गेल्या. पुढं १६४९ आणि १६५४ ला परत छापल्या. तरी लिपी परकी राहिल्यामुळे ते पुस्तक घाट चढून आपल्याकडं आलंच नाही, तुकोबा हयात असताना गोव्यात मराठी ग्रंथ छापील होता आणि देहूला त्याचा पत्ता नाही, याची मला फार चुटपुट लागते.

आता बंगालवाला. कलकत्त्याजवळ सेरामपूरला विल्यम केरी हा इंग्रज मिशनरी आणि त्याच्या सोबत्यांनी १८०० मध्ये छापखाना घातला, पंचानन कर्मकार नावाचा अस्सल कारागीर खिळे पाडायचा, त्याच्यानंतर त्याचा जावई मनोहर. केरी स्वतः विलायतेत जोडे शिवणारा होता. त्याला मराठी शिकवलं आणि कामात मदत केली ती नागपूरकडच्या पंडित वैजनाथ शर्मांनी. १८०५ ला तिथून मराठी व्याकरण आणि मत्तयाचं शुभवर्तमान, म्हणजे येशूची कथा सांगणारं नव्या करारातलं एक पुस्तक, निघालं, १८१० ला कोश निघाला तो मोडी अक्षरात, १८११ ला नवा करार. १८१२ च्या मार्चमध्ये छापखाना जळाला, कागद, खिळे, हस्तलिखितं सगळं गेलं, आणि या लोकांनी वितळलेलं शिसं गोळा करून परत खिळे ओतले. ज्यानं एकदा खिळ्यांचा भरलेला खण हातून पाडलाय त्याला या गोष्टीची किंमत कळेल. तर देशी लिपीत म्हणाल तर बंगालवाला जिंकतो.

आणि मुंबईवाला? अमेरिकन मिशनचे गॉर्डन हॉल वगैरे १८१३ ला मुंबईत उतरले, त्यांच्या छापखान्यातून १८१७ ला मराठी छपाई सुरू झाली, खिळे कलकत्त्याकडून आणलेले. मराठी मुलखात, मराठी माणसांच्या हातानं, सतत चाललेली छपाई म्हणाल तर ती इथली. नवा करार १८२६ ला, अख्खं बायबल १८४७ ला.

छापील पुस्तकाच्या शाईत चरबी असते म्हणून जुने लोक ते हातात घेत नसत, हे खरं आहे का?
— एक वाचक, यावल

खरं आहे. सोवळ्यात तर नाहीच नाही. तोडगा काढला मुंबईच्या गणपत कृष्णाजींनी, मिशनची पुस्तकं पाहून पाहून स्वतः छापखाना उभा केला, १८३१ ला छापील पंचांग काढलं आणि धर्मग्रंथ छापताना शाईत तूप घातलं. मग लोकांनी घेतलं.

मी प्राथमिक शिक्षक होतो. माझा प्रश्न खान्देशापुरता आहे. इथं शंभर माणसांत चार माणसं वाचणारी नव्हती, त्यातून घरात अहिराणी, डोंगरात भिल्लांच्या बोली, मग या छापील मराठी पुस्तकांचा इथं काय उपयोग झाला? ती पोचली तरी कशी?
— एक निवृत्त गुरुजी, चाळीसगाव

गुरुजी, तुमचा प्रश्न वाचून मी दोन दिवस विचार करत होतो, म्हणून जरा लांबण लागेल.

आधी पोचली कशी ते सांगतो. खान्देश मुंबईपासून लांब, आणि सुरवातीचे पाद्री पायी किंवा बैलगाडीनं फिरायचे. आत्ता सांगितलेले गॉर्डन हॉल १८२६ ला पुस्तकं घेऊन नाशिक भागात फिरत आले, तिथं पटकी, म्हणजे कॉलरा, पेटलेली, त्यांनी जवळची औषधं लोकांना वाटली, आणि परतीच्या वाटेवर सिन्नरकडं दोडी-दापूरला त्यांनाच पटकी झाली आणि मार्च महिन्यात ते तिथंच गेले. त्यांनी ज्या मराठी नव्या करारासाठी इतकी वर्षं घातली तो त्याच वर्षी छापून पुरा झाला. हे वाचल्यापासून सिन्नरच्या रस्त्यानं गेलो की मला ते आठवतात. पुढं नगर हे अमेरिकन मिशनचं मोठं ठाणं झालं आणि १८४२ ला तिथूनच 'ज्ञानोदय' हे नियतकालिक निघालं. आपल्याकडं खरा फरक पडला रेल्वेनं. भुसावळ जंक्शन झालं, पुढं सुरतेहून तापीच्या काठानं अमळनेरपर्यंत रूळ आले, आणि जिथं स्टेशन तिथं पुस्तकाची पेटी उतरायला लागली. पूर्व खान्देशात भुसावळ, जळगाव, तुमचं चाळीसगाव इथं अलायन्स मिशनचे लोक, पश्चिमेला नंदुरबार-नवापूरकडं विसाव्या शतकाच्या सुरवातीला स्कॅन्डिनेव्हियन अलायन्स मिशनचे. त्यांच्याबरोबर असायचे आपलेच मराठी पुस्तकविके, खांद्यावर झोळी, बाजाराच्या दिवशी बाजारात, यात्रेला यात्रेत. अख्खं बायबल ते विकायचेच नाहीत फारसं, विकायचे ते एकेक शुभवर्तमान, पातळ, खिशात मावणारं. आणि विकायचे हं, फुकट वाटायचे नाहीत, कारण फुकटचा कागद वाण्याकडं पुडी बांधायला जातो हे सगळीकडचे मिशनरी फार लवकर शिकले होते.

आता वाचणारे चारच, मग उपयोग काय. गुरुजी, आपल्याकडं पुस्तक एकट्यानं डोळ्यानं वाचायची वस्तू कधी होती? पोथी लावली की एक जण वाचणार, एक जण अर्थ सांगणार, पन्नास जण ऐकणार. छापील शुभवर्तमानही तसंच चाललं. गावात एक पोरगा चौथी शिकलेला असला की पुरे. नगरकडं तर एकोणिसाव्या शतकातच ख्रिस्ती कीर्तनं सुरू झाली होती, टाळ मृदंगासकट, कृष्णराव सांगळ्यांचं नाव त्यात मोठं. आणि नारायण वामन टिळकांच्या अभंगांनी तर छापील गीतांच्या पुस्तकातून थेट बायकांच्या तोंडात जागा केली. एक वाचतो आणि घर ऐकतं, हे ज्याला समजलं नाही तो नुसत्या साक्षरतेच्या आकड्यांवरून म्हणेल की पुस्तकांचा काही उपयोग झाला नसेल.

माझ्या घरचीच गोष्ट सांगतो. मी सात-आठ वर्षांचा असेन, सारंगखेड्याच्या यात्रेत वडलांनी घोड्यांच्या बाजाराजवळ एका माणसाकडून असंच एक पातळ पुस्तक घेतलं, लूकचं शुभवर्तमान. घेतलं का तर अक्षर मोठं होतं आणि मला वाचायची सवय लागावी. रात्री आजीपुढं मी अडखळत वाचायचो. एक दिवस उधळ्या पोराची गोष्ट आली, बापाकडून वाटा घेऊन गेलेला धाकटा मुलगा, सगळं उडवतो, डुकरं राखायची पाळी येते, शेवटी घरी येतो आणि बाप लांबूनच बघून पळत जाऊन त्याला कवळतो. माझा काका तेव्हा भांडून सुरतेला निघून गेलेला, दोन वर्षं पत्र नाही. आजीला छापील मराठी सगळी कळत नव्हती, आई मधे मधे अहिराणीत सांगत होती, आणि आजी पदर डोळ्याला लावून म्हणाली, "आंडोर घर उना, आखो काय जोयजे?" म्हणजे पोरगं घरी आलं, आणखी काय पाहिजे? आजी ख्रिस्ती नव्हती, झालीही नाही, मरेपर्यंत मुक्ताईची वारी चुकवली नाही तिनं. पण ती गोष्ट तिनं मला किती वेळा वाचायला लावली त्याला गणती नाही.

आता यातली मौज बघा. इंग्रज सरकारातल्या ग्रियर्सन साहेबांनी भारतातल्या भाषांची पाहणी केली तेव्हा प्रत्येक भाषेचा, प्रत्येक बोलीचा नमुना म्हणून त्यांनी हीच उधळ्या पोराची गोष्ट निवडली होती, कारण तिच्यात मी-तू-तो तिन्ही येतात, विभक्त्या येतात, काळ येतात. त्या पाहणीच्या नवव्या खंडाचा तिसरा भाग १९०७ ला निघाला, त्यात भिल्लांच्या बोली आहेत आणि त्यांच्याच सोबत आपली खान्देशी. म्हणजे आमच्या आजीनं जी गोष्ट अहिराणीत ऐकली ती तिच्या जन्माच्या आसपासच अहिराणीत छापून झालेली होती, फक्त ती पंडितांच्या कपाटात होती आणि आजी तापीकाठी होती. अहिराणीला भिल्ली बोलींच्या शेजारी बसवलं यावर आजही आपल्याकडं लोक भांडतात, भांडू द्या, पण बोली छापली तर गेली.

आणि तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर मला इथंच वाटतं. पुस्तकी मराठीनं सपाट खान्देशात थोडंफार काम केलं, पण नवापूर, अक्कलकुवा, धडगावकडं ती परकीच पडली, तिथं माणूस लागला, दवाखाना लागला, शाळा लागली, आणि बोलीतून बोलणारा लागला. आता मावची, वसावी, अहिराणी या बोलींतही बायबलच्या भागांचे अनुवाद झालेत. धर्माचं बाजूला ठेवा, पण मावचीत छापलेलं पान हातात घेऊन स्वतःची बोली वाचणारा म्हातारा ज्यानं पाहिला त्याला मी काय म्हणतोय ते कळेल. आपल्या बहिणाबाईंचंच घ्या ना, त्यांना लिहिता वाचता येत नव्हतं, गाणी सोपानदेवांनी आणि घरच्यांनी उतरवून घेतली, बाई गेल्या १९५१ ला आणि पुस्तक आलं १९५२ ला. वर्षभर आधी आलं असतं तर बाईंनी ते हातात तरी घेतलं असतं.

नाना, स्पष्ट विचारतो. ही सगळी छपाई आमच्या लोकांचं धर्मांतर करायलाच होती ना? मग तुम्ही तिचं एवढं कौतुक का करता?
— एक वाचक, अमळनेर

भाऊ, स्पष्ट विचारलंत ते बरं केलं. हो, हेतू तोच होता, त्यांनी तो कधी लपवलाही नाही. आणि त्या पत्रकांमध्ये आपल्या देवांबद्दल, मूर्तींबद्दल जे लिहिलेलं असायचं त्यातलं पुष्कळ वाचून मलाही वाईट वाटतं, ज्याला आपली गोष्ट चांगली सांगायची आहे त्याला दुसऱ्याच्या गोष्टीवर थुंकायची काही गरज नव्हती. गोव्यात तर पोर्तुगीज सत्तेनं पुढं १६८४ ला लोकांची भाषाच बंद करायचा हुकूम काढला, म्हणजे जिथं आधी लोकांच्या वळणानं पुराण लिहिलं तिथंच त्यांच्या बोलीवर घाला. हे सगळं सांगितल्याशिवाय मी पुढं बोलणार नाही.

पण छापखाना कुणा एकाचा राहत नाही. मुंबईत जॉन विल्सन या स्कॉटिश पाद्र्यानं वाद घातले, तर १८३१ ला मोरभट दांडेकरांनी हिंदू धर्माच्या बाजूनं पुस्तक छापून त्याला उत्तर दिलं, पुढं १८५९ ला विष्णुबुवा ब्रह्मचारींचं 'वेदोक्त धर्मप्रकाश' आलं. अमेरिकन मिशनच्या छापखान्यात लहान पोरगा म्हणून कामाला लागलेल्या जावजी दादाजींनी तिथं थॉमस ग्रॅहमच्या हाताखाली खिळ्यांचं काम शिकून घेतलं, १८६४ ला स्वतःचा खिळे ओतायचा कारखाना घातला आणि १८६९ ला निर्णयसागर काढला. आणि निर्णयसागरनं काय छापलं? वेद, काव्यं, संस्कृत ग्रंथ, इतके शुद्ध आणि इतके देखणे की काशीचे पंडित ते वापरायचे. निर्णयसागरसाठी राणोजी आरूंनी पाडलेली ती अक्षरं बघत बघतच मी जुळणी शिकलो. आमच्या घरातली ज्ञानेश्वरी छापील, एकनाथी भागवत छापील, तुमच्याही घरातली छापीलच असणार. त्या सगळ्याच्या मुळाशी कुठंतरी मिशनच्या छापखान्यातला एखादा उमेदवार पोरगा आहे.

आणि जे ख्रिस्ती झाले त्यांना नुसतं फसवलं गेलं असं म्हणणं त्यांच्या बुद्धीचा अपमान आहे. नारायण वामन टिळकांना १८९३ ला राजनांदगावला जाताना आगगाडीत एका गोऱ्या माणसानं नवा करार दिला, त्यांनी तो पेन्सिलीनं खुणा करत, भांडत भांडत वाचला, येशूच्या डोंगरावरच्या प्रवचनापाशी अडकले आणि १८९५ ला बाप्तिस्मा घेतला. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी त्यामुळे किती सोसलं तेही त्यांनी स्वतःच्या हातानं लिहून ठेवलंय, ते वाचून कुणाचाच राग राग करता येत नाही. बाबा पदमनजींनी १८५७ ला 'यमुनापर्यटन' लिहिलं ते विधवांच्या दुःखाबद्दल, मराठीतली पहिली कादंबरी म्हणून आपण तिला मान देतोच. आणि पंडिता रमाबाई! हिब्रू आणि ग्रीक शिकून त्या बाईनं एकटीनं अख्खं बायबल मराठीत आणलं, साध्या बायकांना कळेल अशा भाषेत, केडगावला मुक्तिसदनातल्या मुली खिळे जुळवायच्या आणि छापायच्या. दुष्काळातून, घरातून टाकलेल्या पोरी त्या. काम पुरं करून १९२२ च्या एप्रिलमध्ये रमाबाई गेल्या, पुस्तक १९२४ ला बाहेर आलं. माझ्या अकरा वर्षांत आमच्या प्रेसमध्ये एकही बाई जुळणीला नव्हती, मालक म्हणायचे बायकांना जमत नाही. तेव्हा मला केडगाव माहीत असतं तर मी त्यांना सांगितलं असतं.

आमच्या आजीकडं तिच्या सासऱ्यांचं मराठी बायबल आहे, पुठ्ठा निघालाय, पानं पिवळी पडलीत, मधे मधे पेन्सिलीनं काहीतरी लिहिलंय. चुलते म्हणतात लॅमिनेशन करू. करू का?
— एक वाचक, नवापूर

अजिबात करू नका! लॅमिनेशन म्हणजे कागदाला जिवंत पुरणं, ते परत कधी काढता येत नाही. सेलोटेपही लावू नका, चार वर्षांत तो पिवळा होतो आणि खालचं अक्षर घेऊन निघतो. पुठ्ठा सुती नाड्यानं हलक्या हातानं बांधा, धुतलेल्या पांढऱ्या सुती कापडात गुंडाळा, उभं नाही तर आडवं ठेवा, चुलीच्या धुरापासून आणि पत्र्याच्या उन्हापासून लांब. डांबराच्या गोळ्या पानांना लागू देऊ नका. कडुनिंबाचा पाला पुस्तकात घालू नका, डाग पडतात, ट्रंकेत कापडाच्या पुरचुंडीत ठेवा, तोही चांगला वाळवून. पावसाळा संपला की सावलीत उघडून एकदा हवा द्या.

मग सकाळच्या उजेडात, फ्लॅश न मारता, मोबाईलनं पान पान फोटो काढा. पहिलं पान आणि शेवटचं पान नीट बघा, छापखान्याचं नाव आणि साल बहुतेक वेळा तिथंच खाली बारीक अक्षरात असतं, त्यावरून ते कुठल्या भाषांतराचं आहे तेही कळेल. जुन्या आणि नव्या कराराच्या मधे काही वेळा कोरी पानं सोडलेली असतात, पुष्कळ घरांत त्यावर जन्म, लग्न, मृत्यू लिहून ठेवायची पद्धत होती. तुमच्या भागात त्या काळच्या जन्माच्या नोंदी मिळणं किती अवघड आहे ते तुम्हाला माहीत आहे, म्हणून ती पानं आधी शोधा.

आणि पेन्सिलीचं जे लिहिलंय ते खोडू नका, ओलं फडकं लावू नका. आजीजवळ बसा, तिला एकेक खूण दाखवा आणि विचारा ही कुणी केली, कधी केली, त्या वेळी घरात काय चाललं होतं. ती मावचीत सांगेल तर मावचीतच फोनवर रेकॉर्ड करा, मराठी करत बसू नका. ट्रंकेची किल्ली मात्र आजीकडंच राहू द्या.